ताकसांडे बाईंची सही

आंजीत कुणाचं लग्न निघालं की पत्रिका वाटणाऱ्यांना एक घर नको असायचं, ते म्हणजे ताकसांडे बाईंचं. बाई पत्रिका उघडायच्याच नाहीत. आधी पाकिटावर पेनानं लिहिलेलं नाव बघायच्या. चष्मा कपाळावर, पाकीट हातभर लांब. मग विचारायच्या, "हे कोणं लिवलं?"

एकदा नवरदेव स्वतःच आलेला. छाती काढून म्हणाला, "मीनंच लिवलं बाई."

"मंग बस इथं."

झालं! पुढची वीस मिनिटं तो नवरदेव पाटावर मांडी घालून बाईंचं नाव लिहीत बसलेला आणि त्याचे काका दारात मोटरसायकल चालू ठेवून ताटकळत उभे. लग्नाला बाई गेल्या. आहेर म्हणून पेन दिला. नवरीच्या कानात म्हणाल्या, "याच्या अक्षराकडे लक्ष ठेवजो."

मी त्यांचा चौथीपर्यंतचा विद्यार्थी, प्रमोद. पुढं गावातल्याच बँकेत कारकून म्हणून चिकटलो, त्यामुळे बाई माझ्या मानगुटीवरून कधी उतरल्याच नाहीत. निवृत्त झाल्यावर दर महिन्याला यायच्या आणि रांगेत उभ्या असलेल्या लोकांच्या स्लिपा तपासायच्या. निळ्या काठाची पांढरी साडी, पायात चपला, पर्समध्ये लाल पेन. वर्गात त्या पुस्तकातली मराठी बोलायच्या, वर्गाबाहेर पाऊल पडलं की आमच्यासारखीच. लग्न केलं नव्हतं. दोन खोल्यांचं घर, भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, अंगणात पेरूचं झाड, आणि गावभर पसरलेली तीन पिढ्यांची पोरं.

बाईंचा सगळा विश्वास एका गोष्टीवर होता, ती म्हणजे गिरवणं. पहिलीतल्या प्रत्येक पोराच्या पाटीवर त्या स्वतः अक्षर काढून द्यायच्या आणि म्हणायच्या, "गिरव."

"किती वेळा, बाई?"

"अक्षराले आंग येईपर्यंत."

म्हणजे लेखणी त्याच त्या रेघेवरून फिरवत राहायची, अक्षर बोटाएवढं जाड होईपर्यंत. वाकडं आलं, गिरव. बारीक आलं, गिरव. तरी नाही जमलं, पाटी पूस आणि पुन्हा गिरव. बाईंचं हे औषध सगळ्या दुखण्यांना चालायचं. माझं लग्न झाल्यावर बायकोच्या हातची पहिली पोळी खाऊन बाई म्हणाल्या, "चव चांगली हाय. आकार गिरवा लागन." बायको अजून तो राग धरून आहे.

हे सगळं हसण्यावारी नेण्यासारखं आहे, पण बाईंच्या अक्षराच्या वेडामागं एक अंगठा होता.

त्यांनी ते मला एकदाच सांगितलं, पेरू कापता कापता. त्यांची आई लिहिता न येणारी. कुठल्याशा कागदावर अंगठा द्यायला बाई लहानपणी आईबरोबर गेल्या होत्या. तिथल्या माणसानं आईला विचारलं नाही, सांगितलं नाही. हात धरला, अंगठा शाईत दाबला, कागदावर दाबला आणि हात सोडून दिला. आईनं तो अंगठा पदराच्या आतल्या बाजूला पुसला. "आतून पुसला रे, कोणाले दिसू नये म्हणून. लुगडं फाटलं, पण तो निळा डाग काई गेला नाई." एवढं बोलून बाई पेरूला तिखटमीठ लावायला लागल्या.

म्हणून मग कापूस वेचणीच्या दिवसांत बाई रविवारी पिशवीत पाट्या घालून शेतांमध्ये जायच्या. दुपारी बाया भाकरी खायला निंबाखाली बसल्या की बाई त्यांच्यात जाऊन बसणार. कुठल्या समाजाची बाई, कुणाच्या शेतातली, असला हिशेब नाही. "नाव सांग. हे पाह्य, हे तुहं नाव. गिरव."

माझी आई त्यातलीच. तिला आम्ही घरात कौतुकानं अंगठेबहाद्दर म्हणायचो, काय अक्कल होती आमची! तिनं परातीतल्या पिठात बोटानं 'कौसल्या' गिरवलं, चुलीपुढच्या राखेत गिरवलं. पहिली सही करून घरी आली तेव्हा तिनं मला सहीबद्दल काही सांगितलं नाही. हात पुढं केला आणि म्हणाली, "पाह्य, बोटाले काईच नाई लागलं."

तर अशा बाईंना सत्तरीच्या उंबरठ्यावर जपानचं खूळ लागलं. वर्ध्याहून एक टूर निघत होती, बहुतेक निवृत्त मास्तर आणि साहेबलोक, बुद्धाची देवळं बघायला. बाई बँकेत येऊन माझ्या काउंटरवर दोन फॉर्म ठेवून म्हणाल्या, "एक तुहा."

"बाई, मी काऊन जपानले?"

"बुद्धाचा धम्म इथून तिथपर्यंत पायी गेला, होडीत बसून गेला. तुले तं विमान हाय."

बायको म्हणाली जा, नाहीतर बाई आपल्याच घरी येऊन बसतील. गेलो. म्हणजे जायचं ठरलं, कागदपत्रं झाली, सह्या झाल्या, व्हिसा आला. आणि सप्टेंबरात बाईंना पॅरालिसिसचा झटका आला. हलकाच. तोंड वाचलं, पाय वाचले. उजवा हात तेवढा गेला.

सेवाग्रामला दवाखान्यात भेटायला गेलो तर बाई खिडकीकडं बघत होत्या. हात चादरीवर पडलेला. म्हणाल्या, "पाय गेला असता तं चाललं असतं रे."  मी मोसंबी सोलत बसलो.

आता माझ्या गाढवपणाची गोष्ट.

नोव्हेंबरात पेन्शनवाल्यांना हयातीच्या यादीवर आपल्या नावासमोर सही करावी लागते, म्हणजे माणूस जिवंत आहे हे सरकारला कळतं. महिनाअखेरपर्यंत सही झाली नाही की पेन्शन बंद. बाईंचं सगळं त्याच्यावर चालायचं. त्या आल्या, उजवा हात पदराखाली. बँकेत ही गर्दी. मला वाटलं, बाईंना उभं राहायला त्रास नको, पटकन उरकून टाकू. मी स्टॅम्पपॅड उघडलं, काउंटरवरून वाकलो आणि बाईंचा डावा हात अंगठ्यापाशी धरला.

हो, धरला. विचारलं नाही, सांगितलं नाही.

बाई ओरडल्या नाहीत. हळूच म्हणाल्या, "प्रमोद, माहा हात सोड."

मी सोडला.

"तुह्या मायचा अंगठा मी सोडवला. अन् तू माहा धरून राह्यला?"

सगळी बँक बघत होती. माझे कान लाल. मी कसंबसं म्हणालो, "बाई, डाव्या हातानं सही करा. चालते. मी साहेबायशी बोलतो." बाईंनी एका स्लिपेच्या पाठीवर करून बघितली. अक्षर पहिलीतल्या पोराच्याही खाली आलं. त्यांनी गिरवलं. आणखी बिघडलं. पुन्हा गिरवलं. तिसऱ्यांदा पेन कागदातून आरपार गेला. बाईंनी स्लिप चुरगाळली, पर्समध्ये टाकली आणि म्हणाल्या, "असं अक्षर मी माह्या नावानं कुठीच ठेवणार नाई."

"मंग पेन्शन, बाई?"

"राहू दे."

आणि त्या गेल्या. मला ठाऊक होतं, 'राहू दे' म्हणजे राहूच दे. बाई उपाशी राहतील पण अंगठा देणार नाहीत, आणि वाकडं अक्षरही देणार नाहीत. तिसरा रस्ता नव्हता आणि महिना संपायला तीनच आठवडे होते.

त्या दिवसापासून बाईंनी माझ्याशी बोलणं टाकलं. आणि गंमत बघा, दहा दिवसांनी विमानात माझी सीट त्यांच्या शेजारची! डॉक्टर नको म्हणत होते, भाची नको म्हणत होती, बाई निघाल्याच. पाणी हवं झालं की हवाईसुंदरीला मराठीत सांगायच्या, "याले सांगा, बाटलीचं झाकण उघडून दे." ती बिचारी माझ्याकडं बघून हसायची. मी झाकण उघडून द्यायचो.

जपानच्या विमानतळावर उतरलो तर तिथल्या खिडकीत काचेवर बोटं ठेवायला लावतात.  म्हटलं, आता इथूनच बाई परत आंजीला जातात. बाईंनी गाइडला विचारलं, "अंगठा?"

"नाही आजी, दोन्ही हातांचं पहिलं बोट."

बाईंनी शेजारच्या रांगा बघून घेतल्या. टाय लावलेला गोरा साहेब, केस रंगवलेली पोरगी, कुणी शेख, सगळे बोटं ठेवत होते. "साहेबलोकबी देतात?"

"सगळे देतात."

"मंग ठीक हाय." डावं बोट ठेवलं. उजवा हात उठेना. माझा हात आपोआप पुढं गेला आणि मी तो तिथंच आवरला. बाईंनी डाव्या हातानं आपला उजवा उचलला, काचेवर आणून ठेवला आणि त्या खिडकीतल्या माणसाकडं अशा बघत राहिल्या की तोच उठून किंचित वाकला.

देवळं पाहिली, पिवळी झालेली झाडं पाहिली, बाई चालण्यात आम्हा सगळ्यांच्या पुढं. आणि मग क्योटोला टूरवाल्यानं एका सकाळी आम्हाला एका घराच्या माडीवर नेलं. अक्षरांचा वर्ग. नवशिक्यांसाठी, दीड तासाचा. ब्रश आणि काळी शाई. मला वाटलं बाई खालीच बसतील. त्या सगळ्यांच्या आधी जिना चढल्या.

शिकवणाऱ्या बाई साठीच्या, ठेंगण्या, ॲप्रन घातलेल्या. आमच्यासमोर बुटकी टेबलं, त्यावर काळं जाड कापड, कापडावर पातळ कागद, कागद उडू नये म्हणून लोखंडाची पट्टी. आधी दगडावर शाईची कांडी पाण्यात उगाळायची. ती त्यांनी सगळ्यांना बराच वेळ उगाळायला लावली. मग त्या काहीतरी बोलल्या आणि गाइडनं हिंदीत सांगितलं, "मॅडम कह रही हैं, पहले पीठ सीधी."

आणि माझ्या डाव्या कानाशी आवाज आला, "प्रमोद, सरळ बस."

सतरा दिवसांनी! मी असा ताठ बसलो की मणका वाजला. तेव्हाच माझे डोळे भरून आले होते, पण वर्गात रडलं तर बाई काय म्हणतील म्हणून शाईत बघत बसलो.

पहिला धडा म्हणजे एक आडवी रेघ. त्यांच्यात तो एकचा आकडा. बाई माझ्या कानात म्हणाल्या, "शिरोरेघेपासून सुरू करून राह्यले. चांगलं हाय." बाईंनी डावा हात वर करून विचारलं, ह्या हातानं चालेल का? त्या बाई म्हणाल्या, चालेल, हळू.

आम्ही बावीस जणांनी रेघ ओढली. आणि बावीसच्या बावीस जणांनी, कुणी सांगितलं नसताना, ती गिरवली. दोन निवृत्त हेडमास्तर, एक तहसीलदार, सगळे. वाकडी आली ना, मग गिरवा! पातळ कागद भिजून फाटले, शाई खालच्या कापडात उतरली. त्या जपानी बाई कपाळाला हात लावून हसायला लागल्या. त्यांनी असा वर्ग जन्मात पाहिला नसणार.

पण आमच्या बाई अजून गिरवतच होत्या. तिसऱ्यांदा. तोंड घट्ट मिटलेलं. जपानी बाई येऊन शेजारी गुडघ्यांवर बसल्या. हात धरला नाही. ब्रशचं वरचं टोक दोन बोटांत पकडलं, फक्त थांबवलं, आणि नकाराची मान हलवली. फाटका कागद काढून कोरा घातला.

गाइड म्हणाला, "एक बार ब्रश चल गया तो दोबारा उस पर नहीं चलाते."

"अन् चुकलं तं?"

"तो वैसा ही रहने दो. अगला कागज़ लो."

बाई चिडल्या. खरंच चिडल्या. "याइले सांग, मी चाळीस वर्षं लेकरायले गिरवाले लावलं. गिरवल्याबिगर अक्षर सुधरते काय?"

गाइडनं सांगितलं. जपानी बाईंनी सगळं ऐकून घेतलं, मग थोडं बोलल्या. गाइड म्हणाला, "कहती हैं, हाथ को जितना चाहो सिखाओ. कागज़ पर जो आ गया, वो उस दिन का आपका हाथ है. उसको छुपाना नहीं."

 बाई कोऱ्या कागदाकडं बघत राहिल्या. मग ब्रश टेकवला. रेघ निघाली, मधे थरथरली, खाली झुकली, पुन्हा वर आली, संपली. बाईंचा हात मागं फिरला, सवयीनं, रेघेच्या सुरुवातीपाशी आला.  हात तिथं लोंबकळला आणि बाईंनी ब्रश खाली ठेवला.

मग पुढचा कागद. मग पुढचा. दीड तासात एकवीस कागद. शेवटी जपानी बाई लाल शाईचा ब्रश घेऊन सगळ्यांची तपासणी करत आल्या. लाल रंग बघून आमच्या बाईंनी पाठ ताठ केली, गुन्हेगारासारखी. त्या बाईंनी रेघेवर लाल गोल केला, नेमका थरथरलेल्या जागी.

"चूक काढली," बाई म्हणाल्या.

गाइडनं विचारून सांगितलं, "नहीं, ये शाबाशी का है. यहाँ हाथ काँपा, पर ब्रश उठाया नहीं, इसलिए."

बाईंनी त्या जपानी बाईंकडं बघितलं. दोघीही मास्तरणी. एकीची भाषा दुसरीला येत नव्हती. आमच्या बाईंनी पर्समधून आपला लाल पेन काढला आणि त्यांच्या हातावर ठेवला. त्यांनी तो दोन्ही हातांनी घेतला. जिना उतरताना बाई मला म्हणाल्या, "किती पोरायच्या पाट्या मी पुसाले लावल्या असतील रे." 

आंजीत परतलो तेव्हा महिना संपायला तीन दिवस होते. मी रोज दाराकडं डोळे लावून बसलेला. बाईंना आठवण करून द्यायची हिंमत नव्हती. पहिला दिवस गेला, दुसरा गेला. पुढच्याच आठवड्यात भाचीनं त्यांना नागपूरला नेलं आणि थंडी सरायच्या आत बाई तिथंच वारल्या, म्हणून तो तिसरा दिवस माझी त्यांची शेवटची भेट ठरला. तो मला पाठ आहे.

दुपारी तीनला आल्या. रांगेत उभ्या राहिल्या. कुणी पुढं बोलावलं तरी गेल्या नाहीत. त्यांचा नंबर आल्यावर मी यादी पुढं सरकवली आणि दोन्ही हात माझ्याकडच्या ड्रॉवरवर ठेवून बसलो. साहेबांशी आधीच बोललो होतो, डाव्या हाताची सही चालेल, साक्षीदार मी.

"पेन दे," बाई म्हणाल्या.

डाव्या हातात पेन धरला. पाठ सरळ. एकेक अक्षर, सावकाश. 'शेवंता' लिहिताना शिरोरेघ खाली उतरत गेली. 'ताकसांडे'तला 'क' पोटातून उघडाच राहिला. 'डे'ची मात्रा अक्षर सोडून भलतीकडंच गेली. मागं कुणीतरी खोकललं, बाईंनी मान वळवली नाही. सही संपली तेव्हा पेन त्या उघड्या 'क'वर येऊन थांबला. मी मनात म्हणत होतो, बाई, नको. बाई, नको.

त्यांनी पेनाला टोपण लावलं.

मग यादी माझ्याकडं फिरवली आणि चष्मा कपाळावर चढवला. "दहापैकी किती?"

दुसऱ्या कुणालाही मी दहा दिले असते. बाईंशी खोटं कसं बोलणार? "चार, बाई."

"चारच?" मग जरा विचार करून, "पास कितीले हाय?"

"साडेतीनले."

"मंग पास झाली ना मी."

"झाल्या, बाई."

मी साक्षीदाराची सही करायला घेतली, पण समोरचं काही दिसेना. रडत होतो सरळ, लोकांदेखत, काय लपवायचं. बाई दारापर्यंत गेल्या आणि थांबल्या. वळून भर बँकेत मोठ्यानं म्हणाल्या, "पाच तं दे न रे, प्रमोद."

मी खुर्चीतून उठून उभा राहिलो. "दिले, बाई."

बाई हसल्या. डाव्या हातानं कठडा धरून एकेक पायरी उतरत उन्हात गेल्या.